शेजारच्या फळीवरची पुस्तकं

उद्यमनगरचा टर्नर (धागाकर्ता)

मंडळी, नमस्कार. बरीच वर्षं नुसता वाचनमात्र होतो. पहिलाच धागा, सांभाळून घ्या.

कोल्हापुरात उद्यमनगरात आमचं छोटं वर्कशॉप आहे. दोन लेथ, एक ड्रिलिंग मशीन. लाईट गेली की स्टुलावर बसून वाचायचं ही वडलांची सवय, ती मला लागली. लायब्ररीचं कार्डही त्यांचंच, ते गेल्यावर माझ्या नावावर करून घेतलं. वाचलेलं पुस्तक वहीत टिपून ठेवायची रीतही त्यांचीच.

गेल्या आठवड्यात माझी वही भरली. नवी घालताना जुनी चाळली तर अकरा वर्षांत १४० पुस्तकं, आणि त्यातल्या सव्वाशे ऐतिहासिक कादंबऱ्या! खलिते, घोड्यांच्या टापा, सदरेवरची शांतता. बायकोनं वही बघितली आणि म्हणाली, "तुम्ही अकरा वर्षं एकच पुस्तक वाचताय." बोलायला तोंडच राहिलं नाही.

मग माळ्यावरून बाबांची वही काढली. एकाच पानावर कादंबरी, खाली रशियावरचं काहीतरी, खाली विनोदी लेख, खाली 'शेळीपालन', खाली कविता. सातवी शिकलेला माणूस. त्यांना हे सगळं सापडायचं कुठून? विचारायला आता ते नाहीत.

तर याद्या नका देऊ. याद्या पायलीच्या पन्नास मिळतात. तुमच्या हाताला वेगळं पुस्तक लागलं ते कसं लागलं, तेवढं सांगा. साहित्य, राजकारण, विनोद, काहीही चालेल.

रविवारची मिसळ

तूर्तास रुमाल टाकून ठेवतो. एकच शंका, शेळीपालन वाचून वडलांनी शेळी घेतली काय?

उद्यमनगरचा टर्नर

न्हाई हो. राजारामपुरीत भाड्याच्या दोन खोल्या, शेळी बांधणार कुठं? मला पण कोडंच आहे.

गडहिंग्लजकरीण

मी ऐतिहासिक कधी वाचलोच नाही. (होय, बाईच आहे मी. आमच्याकडं बायका येतो, जातो, वाचलो असंच म्हणतात. पुण्या-मुंबईच्या मंडळींनी दचकू नये.)

माझं माहेर गडहिंग्लज भागातलं. लहानपणी दारात यल्लम्माचे जोगती-जोगतिणी यायचे, चौंडकं वाजायचं, आजी सुपातनं जोंधळे घालायची. कॉलेजात असताना राजन गवसांचं 'चौंडकं' दिसलं. वाटलं, वाद्याबद्दल काहीतरी माहिती असेल. घरी येऊन वाचायला लागलो तर आमच्याच दारात येणाऱ्या बायकांची गोष्ट. देवाला सोडलेली पोरगी म्हणजे काय, हे मला आजीनं कधी सांगितलं नव्हतं, त्या पुस्तकानं सांगितलं. तीन दिवस घरात कुणाशी नीट बोललो नाही.

त्याच लेखकाचं म्हणून पुढं 'भंडारभोग' घेतलं, मग 'तणकट'. आणि 'तणकट' वाचताना डोक्यात उजेड पडला की मी तर राजकारण वाचतोय! तोवर राजकारणाचं पुस्तक म्हणजे जाडजूड, मुखपृष्ठावर हात जोडलेला पुढारी, असंच डोक्यात होतं. गावातली जात, पंचायत, कोण कुणाच्या दारात जातो, कोण जात नाही, हेच तर राजकारण. लायब्ररीत ते कादंबरीच्या कपाटात आहे म्हणून आपण त्याला राजकारण म्हणत नाही, एवढंच.

तिरपा डोळा

ताईंशी सहमत, पण धाग्याचा एकूण सूर म्हणजे 'हरवलेले ते दिवस'. लायब्ररीत जाऊन वेगळं सापडतं हा गोड गैरसमज आहे. मी ज्या लायब्ररीचा सभासद होतो (नाव घेत नाही) तिथं नवीन खरेदी म्हणजे त्याच त्या पन्नास नावांच्या नव्या आवृत्त्या. काउंटरवरच्या बाईंना एकदा निबंधांचं पुस्तक मागितलं तर म्हणाल्या, "शाळेचं काय? ते बालविभागात."

मी पुस्तकं भांडणातनं शोधतो. कोण कुठल्या पुस्तकावर चिडलंय ते बघायचं. घरातल्या एका समारंभात आमचे एक नातेवाईक तावातावानं सांगत होते की ते पुस्तक वाचूच नये, डोकी फिरतात. कुठलं, तर कॉम्रेड गोविंद पानसरेंचं 'शिवाजी कोण होता?'. मी विचारलं, तुम्ही वाचलंय? तर नाही. दुसऱ्या दिवशी बिंदू चौकातनं येताना घेतलं. १९८७ च्या एका भाषणातनं तयार झालेली छोटीशी पुस्तिका, दीड-दोन तासांत संपते. रयतेच्या भाजीच्या देठालाही हात लावू नका म्हणणारा राजा त्यात भेटतो. तलवार कमी, शेतसारा जास्त.

टर्नरसाहेब, तुम्ही सव्वाशे वाचल्यात ना? मग हे कसं राहिलं?

उद्यमनगरचा टर्नर

खरं सांगायचं तर त्यात गोष्ट नाही म्हणून राहिलं. कपाटात दिसायचं, पण एवढं बारीक पुस्तक घेऊन कार्डावरची खेप वाया घालवायची नाही, असा हिशोब. जाड घेतलं की महिना निघतो.

रविवारची मिसळ

लेथवाला माणूस, वजनावर जाणारच.

कुंभारगल्ली

माझं वाचन पुरानं बदललं. विनोद करत नाही.

ऑगस्ट २०१९. पंचगंगेची धोका पातळी ४३ फूट, त्या वेळी पाणी ५५ फुटांवर गेलं होतं. शाहूपुरी कुंभार गल्लीत आमच्या तळमजल्यावर छातीएवढं पाणी. आम्ही आधी गणपती वर नेले (घरचा धंदा, चतुर्थी महिन्यावर आलेली), मग गॅस, मग धान्य. चुलत्यांची दोन कपाटं पुस्तकं तळातच राहिली. काका आयुष्यभर पुस्तकं जमवत आले, आम्ही भावंडांनी एकालाही कधी हात लावला नव्हता.

पाणी उतरल्यावर कपाट उघडलं तर दारच उघडेना, पुस्तकं फुगून गच्च बसलेली. काका काही बोलले नाहीत, नुसते पायरीवर बसले. ते बघवेना म्हणून मी आणि धाकटी बहीण कामाला लागलो. गाळ पुसायचा, पुस्तक उभं करून पानं पंख्यासारखी फाकवायची, दर आठ-दहा पानांत जुनं वर्तमानपत्र घालायचं, दोन-तीन तासांनी कागद बदलायचा. उन्हात टाकायचं नाही, पान वाकडं होतं. हे सगळं करताना पानं उलटावीच लागतात आणि पानं उलटताना डोळे काही मिटता येत नाहीत.

अशा रीतीनं पुराच्या पाण्यातनं मी 'कृष्णाकाठ' काढलं आणि काठावरच बसून वाचलं. यशवंतराव चव्हाणांचं हे आत्मचरित्र १९४६ पाशी थांबतं, पुढचे भाग लिहायचे राहूनच गेले. देवराष्ट्रे, कऱ्हाड, तुरुंग, आणि मधे आपलं राजाराम कॉलेज! आपल्या गावात शिकलेला पोरगा म्हणून वाचत गेलो. मंत्रिपदाचं तर त्यात काहीच नाही, आणि तेच बरं आहे.

जे वाचलं नाही त्याचंही सांगतो. एका पुढाऱ्यांवरचा गौरवग्रंथ होता, मधे गुळगुळीत कागदावर फोटो. तो कागद भिजला की एकमेकाला असा चिकटतो की सुटतच नाही. सगळ्या पक्षांचे पुढारी तोंडाला तोंड लावून चिकटलेले. बहीण म्हणाली, आता हे वेगळे व्हायचे नाहीत. तेव्हा हसलो. नोव्हेंबरात टीव्ही लावला तर राज्यात तेच!

दोन कपाटांतली निम्मी वाचली. वाचली म्हणजे दोन्ही अर्थांनी.

गडहिंग्लजकरीण

दादा, शेवटच्या ओळीला दंडवत. काका कसे आहेत?

कुंभारगल्ली

ठणठणीत. आता पुस्तकं वरच्या मजल्यावर आहेत. २०२१ ला पुन्हा पाणी आलं तेव्हा पहिला फोन, "पुस्तकं बघ." मी म्हटलं, काका, वरच आहेत. तर म्हणाले, "अजून वर ने."

पुण्यातला कोल्हापुरी

माझी गोष्ट लहान आहे, पण टर्नरभाऊंच्या विनोदाच्या खात्यात जमा होईल.

सुट्टीला गावी आलो होतो. लक्ष्मीपुरीतल्या एका रद्दीच्या दुकानात 'ललित' मासिकाच्या जुन्या अंकांचा गठ्ठा किलोवर मिळाला. दुकानदारानं चहाच्या पुड्यासारखा तोलून दिला. 'ललित' १९६४ पासूनचं, पुस्तकांबद्दलचं मासिक. त्यात जयवंत दळवी 'ठणठणपाळ' या नावानं सदर लिहायचे, 'घटका गेली पळे गेली'. सगळ्या थोर लेखकांची चेष्टा. आधी मला निम्मं कळेना, कारण ज्याची टोपी उडवलीय तो माणूसच माहीत नाही. मग मी एक उद्योग केला. ज्याची चेष्टा दिसेल त्याचं पुस्तक शोधायचं. विनोद कळावा म्हणून मूळ पुस्तक वाचायचं! त्या नादात समीक्षा, कविता, नवकथा असलं सगळं वाचून काढलं, एरवी बंदुकीच्या धाकानंही वाचलं नसतं. मग खुद्द दळवींचं 'चक्र' वाचलं. हाच का तो टिंगल करणारा माणूस, असं वाटून गप्प झालो. फूटपाथवरच्या, झोपडपट्टीतल्या माणसांचं इतकं कोरडं, काळजात रुतणारं लिहिणारा हात महिन्याच्या महिन्याला लोकांच्या टोप्या उडवत होता.

अवांतर, ठणठणपाळाची चित्रं काढणारे वसंत सरवटे जन्मानं कोल्हापूरचे. सिमेंट कंपनीत इंजिनियर होते. म्हणजे टर्नरभाऊ, तुमच्याच गोत्रातले.

तिरपा डोळा

ठणठणपाळ आज वाचला तर शिळा लागतो. विनोद भाकरीसारखा असतो, तव्यावरनं ताटातच.

रविवारची मिसळ

शिळ्या भाकरीचा कुस्करा खाल्ला न्हाईस काय भावा कधी? फोडणी नीट पडली की ताज्याहून भारी लागतोय.

आता रुमालाच्या जागी बसतो. मी वाचणाऱ्यातला न्हवे, ऐकणाऱ्यातला. आमच्या मामाकडं कथाकथनाच्या कॅसेटी होत्या. पट्टणकोडोलीचे शंकर पाटील, आणि मिरासदार. टेपरेकॉर्डर दुरुस्तीचं दुकान होतं मामाचं, मशीन नीट झालंय काय बघायला हीच कॅसेट लावायचा. एकच गोष्ट मी चाळीस-पन्नास वेळा ऐकली असंल. गिऱ्हाईक पैसे देऊन पण जायचं न्हाई, गोष्ट संपेस्तोवर उभं. बारावीनंतर पहिल्यांदा पाटलांची 'धिंड' पुस्तकात बघितली तर वाटलं, अरे, हे छापलेलं पण असतंय व्हय? मनात त्याच आवाजात वाचलं. आजबी कुठलंबी विनोदी पुस्तक घेतलं की पयली दोन पानं मोठ्यानं वाचतो. मोठ्यानं वाचून हसू आलं तर घ्यायचं, न्हाईतर ठेवायचं. कानाला खोटं लगेच कळतं.

आणि एक. विनोदाला आपल्या जिल्ह्यात लै मान. १९७४ ला इचलकरंजीच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष पु. ल. देशपांडे, १९९२ ला कोल्हापूरच्या संमेलनाचे रमेश मंत्री. दोघंबी हसवणारे.

तिरपा डोळा

१९३२ च्या कोल्हापूरच्या संमेलनाचे अध्यक्ष सयाजीराव महाराज होते, ते विसरू नका. ते काय हसवायचे नाहीत.

कार्डकॅटलॉग

जरा उशिरा लिहितोय. ३१ वर्षं ग्रंथालयात नोकरी केली, आता घरी आहे.

तिरपा डोळा यांनी खरेदीबद्दल लिहिलंय ते पुष्कळ ठिकाणी खरं आहे, रागावत नाही. पण एक सांगतो. ज्या गावात करवीर नगर वाचन मंदिर १८५० पासून आहे, ज्या संस्थानानं १९४५ साली हिंदुस्थानातला पहिला ग्रंथालय कायदा केला (महाराष्ट्राला त्यासाठी १९६७ उजाडलं), त्या गावात जुनी खरेदी नव्यापेक्षा भारी असते. नवं मागू नका, जुनं धुंडाळा.

कसं धुंडाळायचं? आमच्या कपाटांवर पाट्या असतात, कादंबरी, कथा, नाटक, चरित्र. वाचक तिथंच घुटमळतात. सगळ्यात शेवटी, बहुतेक ठिकाणी जिन्याखाली, एक पाटी असते, 'संकीर्ण'. ज्याचं काय करावं ते कळेना, ते तिथं. मधमाश्या, मोडी लिपी, संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतली पत्रकं, भाषणं, जेलमधल्या आठवणी, हस्तसामुद्रिक. टर्नर, तुमच्या वडलांची वही वाचून मला पहिल्यांदा तेच कपाट आठवलं.

दुसरं, परत आलेल्या पुस्तकांचं टेबल. पुस्तकं जागेवर लावायच्या आधी तास-दोन तास तिथं पडून असतात. तिथं चरित्राशेजारी पाककृती असते. हुशार वाचक थेट त्या टेबलाशी यायचे, कपाटाकडं जायचेच नाहीत.

तिसरं, मागच्या पानावरची तारखेची चिठ्ठी. ज्या पुस्तकाची चिठ्ठी शिक्क्यांनी भरलीय ते तुम्हाला कुणीही सांगेल. एखादीवर १९७१, १९७३, १९८८ असे तीनच शिक्के असतात. मी स्वतः तसली पुस्तकं घरी न्यायचो. सगळी चांगली निघत नाहीत, निम्मी तर रटाळच. पण महात्मा फुल्यांचा 'शेतकऱ्याचा असूड' मी असाच वाचला. एवढ्या मोठ्या माणसाचं पुस्तक आणि चिठ्ठी जवळजवळ कोरी! लोक फोटोला हार घालतात, पुस्तक कुणी नेत नाही. आणि वाचताना हसू येतं हो. भट-कामगारांची (म्हणजे कचेरीतल्या ब्राह्मण अंमलदारांची) आणि गोऱ्या साहेबांची जी हजेरी घेतलीय, ती वाचताना हसू येतं आणि मग घशात अडकतं. फुल्यांचं वाङ्मय शासकीय ग्रंथागारात अजून स्वस्तात मिळतं.

आता टर्नरना एक प्रश्न. 'श्रीमान योगी' वाचलं असेलच?

उद्यमनगरचा टर्नर

काका, चार वेळा.

कार्डकॅटलॉग

आणि प्रस्तावना?

उद्यमनगरचा टर्नर

...

रविवारची मिसळ

घावला!

कार्डकॅटलॉग

लाजू नका, दहातले नऊ वाचक गाळतात. विचारवंत नरहर कुरुंदकरांनी कादंबरीकार, आपल्या कोवाडच्या रणजित देसाईंना लिहिलेलं लांबलचक पत्र आहे ते, तेच प्रस्तावना म्हणून छापलंय. कादंबरी पाचव्यांदा नका वाचू. तेवढी पानं वाचा आणि मग मला सांगा.

पुण्यातला कोल्हापुरी

+१. वाचनखूण साठवली आहे.

गडहिंग्लजकरीण

धागा गारठला म्हणून वर काढतो. मधल्या काळात मी दोन पुस्तकं जोडीनं वाचली, ती पद्धत पण सांगून ठेवतो. एकाच दुखण्याची दोन पुस्तकं, वीस-तीस वर्षांच्या अंतराची. विश्वास पाटलांचं 'झाडाझडती' आणि आपल्या पन्हाळा भागातले कृष्णात खोत यांचं 'रिंगाण'. दोन्हीत धरण, दोन्हीत उठवलेली माणसं, दोघांनाही साहित्य अकादमी, एकाला १९९२ ला, दुसऱ्याला २०२३ ला. पहिल्यात कचेऱ्या, अर्ज, फायली, अख्खं सरकार दिसतं. दुसऱ्यात एक माणूस मागं राहिलेल्या म्हशीला शोधायला उठवलेल्या गावात परत जातो, बस. मला दुसरं जास्त लागलं. फाईल वाचून मला राग येतो, म्हैस वाचून झोप येत नाही.

टर्नरदादा कुठं गायब?

उद्यमनगरचा टर्नर

इथंच आहे. ऑर्डरचं काम होतं, तीन आठवडे मान वर केली नाही.

काका, वाचली. लाईट जायची वाट बघितली नाही, रविवारी शटर अर्धं ओढून वाचली. एका बैठकीत झाली नाही, दोन रविवार गेले. मला वाटायचं प्रस्तावना म्हणजे कौतुक. इथं तर माणूस एकेक समजूत लेथला लावल्यासारखी धरतो आणि कापत जातो. शिवाजी महाराज मोठे का, तर लढाया जिंकल्या म्हणून? लढाया पुष्कळांनी जिंकल्या. मग राज्य कसं उभं केलं, आणि राजा गेल्यावरही लोक त्या राज्यासाठी का लढत राहिले, हा खरा प्रश्न. चार वेळा कादंबरी वाचून मला हा प्रश्न एकदाही पडला नव्हता, मी आपला प्रतापगड आला की खूश.

मग कुरुंदकरांचं आणखी काय आहे म्हणून लायब्ररीत विचारलं. 'जागर' मिळालं, राजकीय-सामाजिक लेख. जड जातंय, रोज चार पानं. तिरपा डोळा यांनी सांगितलेलं 'शिवाजी कोण होता?' मात्र परवा रात्रीच संपवलं. काही ठिकाणी भांडावंसं वाटलं, ते वेगळ्या धाग्यात.

काल रात्री सहज बाबांची वही पुन्हा उघडली. 'श्रीमान योगी' कुठं लिहिलंय ते शोधलं. १९८६ चं पान. त्याच्या खालचीच ओळ 'जागर'. पुढं कंसात त्यांच्या अक्षरात, 'अवघड. परत आणणे.' आणि चार महिन्यांनी खरंच परत आणलंय, दुसऱ्यांदा नोंद आहे. म्हणजे बाबांनी प्रस्तावना वाचली होती. मी तेव्हा दुसरीत असेन, त्यांच्या शेजारी बसून पाढे म्हणत असणार.

कार्डकॅटलॉग

दुसऱ्यांदा नेलं तेव्हा काय शेरा आहे?

उद्यमनगरचा टर्नर

काही नाही काका. नुसती बरोबरची खूण.

तिरपा डोळा

भांडणाचा धागा लवकर काढा. वाट बघतोय.

रविवारची मिसळ

सगळं मान्य. पण मूळ मुद्दा राहिला. शेळीचं काय झालं?

उद्यमनगरचा टर्नर

आईला विचारलं. ती म्हणाली, ते पुस्तक त्यांच्यासाठी नव्हतंच. वर्कशॉपसमोरच्या गोडाऊनला एक वॉचमनमामा होते, त्यांना गावी शेळ्या करायच्या होत्या. कार्ड नाही आणि वाचताही येत नव्हतं. बाबा शटर बंद केल्यावर रोज अर्धा तास त्यांना वाचून दाखवायचे. आई डबा घेऊन वाट बघत बसायची, म्हणून तिच्या चांगलं लक्षात आहे. मामांनी पुढं तीन घेतल्या म्हणे.